मुक्काम सोडला नाही

१४ सप्टेंबर १९३६, अंथुर्णे

आज दुपारी कचेरीचा शिपाई सायकलवरून लखोटा घेऊन आला. मला सस्पेंड केले आहे. कागद तीनदा वाचला. शिपायाने पाणी मागितले ते दिले आणि पोच म्हणून सही केली. सही नेहमीसारखी वळणदार आली याचे मलाच नवल वाटले.

आरोप दोन. पहिला खात्याचा: कालव्याच्या पाण्याच्या पासांवर मी आगाऊ कोऱ्या सह्या करून ठेवतो. हा खरा आहे. माझा भाग नऊ मैलांचा. पाण्याची पाळी सुरू झाली की एकाच दिवशी दोन्ही टोकांना पोचणे माणसाच्या पायांना जमत नाही. म्हणून पंचवीस-तीस पास सही करून ठेवायचे, म्हणजे माझी वाट पाहत कुणाचे पीक वाळायला नको. सगळेच कारकून करतात. सापडलो मी.

दुसरा आरोप फौजदारी: अशाच एका पासावर हिंदुराव बागाईतदाराच्या बिनमंजुरीच्या उसाला पाणी दिले आणि त्याबद्दल मी पैसे खाल्ले. हा सपशेल खोटा आहे. त्या आठवड्यात मी खात्याच्या परीक्षेसाठी पुण्याला होतो. उरलेले कोरे पास जाताना दत्तोबाच्या हवाली केले होते. दत्तोबा बारामतीच्या कचेरीत वरचा कारकून, माझा नोकरीतला सर्वांत जुना मित्र. तो म्हणतो, पास कपाटात होते आणि कपाटाला कुलूप नव्हते. कोण हात मारून गेला देव जाणे.

निकाल लागेपर्यंत पगाराचा चौथा हिस्सा निर्वाहासाठी मिळेल. मुक्काम इंदापूर ठरवून दिला आहे. परवानगीवाचून तो सोडायचा नाही, दुसरी नोकरी किंवा धंदा करायचा नाही. यातले काही मोडले तर भत्ता बंद आणि वर नवा आरोप. पण मी पूर्ण निर्दोष ठरलो, तर अडकलेला सगळा पगार परत मिळतो आणि हे दिवस नोकरीत धरले जातात. नियमांच्या पुस्तकात ते कलम मी स्वतः पाहिले आहे. आता एवढेच धरून राहायचे.

रतनला सांगितले तेव्हा ती भाकऱ्या थापत होती. तिला सातवा महिना आहे. तिने तव्यावरची भाकरी उलटली. मग म्हणाली, "मंग आता खायाचं काय?"

छबू आणि झुंबर, दोघी पोरी, आमच्या तोंडाकडे पाहत होत्या.

१७ सप्टेंबर

चौथ्या हिश्शात, येणारे धरून, पाच तोंडे भागणार नाहीत. रतन आणि पोरींना मोरगावला तिच्या वडिलांकडे पोचवायला तिचा भाऊ रामहरी आला होता. बाळंतपण तिकडेच. माझ्याकडे आईवडील नाहीत, बहीण नाही, भाऊ नाही, त्यामुळे दुसरा विचार करण्याचा प्रश्नच नव्हता.

मोटारीत बसताना रतन म्हणाली, "बाळ झालं की या. छबूच्या येळंला आला व्हता, झुंबरच्या येळंला आला व्हता. तसं या."

मी म्हणालो, "अर्ज करीन."

२२ सप्टेंबर, इंदापूर

कुशाबाईंच्या घरात एक खोली मिळाली आहे. बाई विधवा, वय पन्नासच्या पुढे. विहिरीवर वांगी, मेथी, घेवडा करतात आणि आठवड्याच्या बाजारात विकतात. जीभ धारदार आहे. पहिल्याच दिवशी विचारले, "काय केलंसा वं तुमी?" मी सगळे सांगितले, कलमासकट. ऐकून म्हणाल्या, "म्हंजी काय बी न करता घरी बसवलंय आन वर चार आणं मजुरी बी दित्यात. बरं हाय की."

बरे नाही. सकाळी उठून कपडे करतो, टोपी घालतो आणि मग कुठेच जायचे नाही हे आठवते. बाजारात ओळखीचे बागाईतदार दिसतात. ज्यांच्या उसाला मी वेळेवर पाणी दिले ते मला पाहून चपला बघायला लागतात. मला फार एकटे वाटते. लिहिले म्हणजे कमी होईल असे वाटले होते, म्हणून ही वही घेतली. अजून तरी झाले नाही.

१ ऑक्टोबर

आज पहिला भत्ता. त्याआधी एका कागदावर सही द्यावी लागते: 'मी गेल्या महिन्यात कोणतीही दुसरी नोकरी, चाकरी किंवा धंदा केला नाही व नेमून दिलेला मुक्काम सोडला नाही.' कारकून मान वर न करता म्हणाला, "करा." मी मात्र प्रत्येक शब्द वाचला. खरा होता. खऱ्या गोष्टीवर सही करताना छाती जरा फुगते, खोटे कशाला सांगू.

१९ ऑक्टोबर

एक अडचण उभी राहिली आहे. कुशाबाईंच्या विहिरीच्या वाटेचा तंटा आहे, त्याचा अर्ज मी लिहून दिला. फुकट. मग त्यांच्या शेजारणीचा लिहिला. मग आणखी दोघांचा. काल संध्याकाळी दाराशी वांग्यांची पाटी होती, आज मेथीची जुडी. पैसा मी कुणाकडून घेतलेला नाही. पण ही वांगी 'धंदा' या शब्दात बसतात का? मी पहिल्या तारखेला त्या कागदावर सही करणार आहे. शंका असताना सही कशी करू?

खात्याला लेखी विचारले आहे: अर्ज लिहून देण्याबद्दल न मागता मिळालेली भाजी उत्पन्न समजावी काय?

कुशाबाईंना सांगितले तेव्हा त्या हातातले खुरपे खाली ठेवून हसल्या. "वांग्याची बी नोकरी आसती व्हय? आवं, शेजारी ऱ्हातंय माणूस, एकलं हाय, म्हनून टाकली चार वांगी. तुमी सरकाराला कळीवलं?"

मी म्हणालो, नियम आहे.

"तुमचं तुमी भाजून खावा," असे म्हणून त्या गेल्या.

२६ नोव्हेंबर

रामहरीचे कार्ड आले. तिकडच्या शाळेचे मास्तर त्याची कार्डे लिहून देतात. मंगळवारी पहाटे मुलगी झाली. दोघी खुशाल आहेत. बारसे बाराव्या दिवशी, म्हणजे पाच तारखेला. 'आपण यावे, कुंची आणावी, सर्व वाट पाहतात.'

तिसरी मुलगी. मला वाईट वाटले का? प्रामाणिकपणे लिहायचे तर घटकाभर वाटले. मग छबू लहान असताना माझा अंगठा धरून झोपायची ते आठवले आणि वाईट वाटायचे थांबले. मला तिला बघायचे आहे. फार बघायचे आहे.

आजच अर्ज केला: ता. ५ व ६ डिसेंबर रोजी मोरगाव येथे जाण्यासाठी मुक्काम सोडण्याची परवानगी मिळावी. शनिवार-रविवार आहे, खात्याचे काही बिघडत नाही. अर्ज दत्तोबाच्या टेबलावरूनच पुढे जाईल, त्यामुळे काळजी नाही.

२ डिसेंबर

कुंची आणली. शिंप्याने विचारले, मुलगा का मुलगी? मी म्हणालो, कुंचीला काय फरक पडतो? अर्जाचे उत्तर नाही.

४ डिसेंबर

उत्तर नाही. दत्तोबाला तार केली. त्याची उलट तार आली: 'अर्ज साहेबांपुढे. निघू नये. घात होईल.'

कुशाबाई म्हणाल्या, "उद्या सकाळी जावा, परवाच्याला या. कोन बघतंय?"

कुणी बघत नाही हे मलाही कळते. पण पुढच्या महिन्याच्या एक तारखेला मला 'मुक्काम सोडला नाही' यावर सही करायची आहे. खोटी सही करून परत आलो, तर मग हिंदुरावाचा पास मी भरला नाही हे कोर्टाला कुठल्या तोंडाने सांगू? आणि हे सगळे मी कुणासाठी करतो आहे? त्यांच्यासाठीच ना? सगळा पगार परत मिळाला की छबूची शाळा, झुंबरची शाळा, धाकटीचे सगळे. एका दिवसाच्या मोहापायी ते घालवू?

कुशाबाईंना हे समजावून सांगितले. त्यांनी निवडायची मेथी पुढे ओढली. मग म्हणाल्या, "बाळतिनीला कलम कळतं का वं?"

५ डिसेंबर

गेलो नाही.

बारसे संध्याकाळी असते. पाच वाजता मी कुंची काढून पाहिली आणि परत ठेवली. मुलीचे नाव भागू ठेवावे असे कार्ड लिहून टाकले. माझ्या आईचे नाव भागूबाई. हे आधीच लिहायला हवे होते, पण मी तर जाणारच आहे असे धरून चाललो होतो. कुंची पार्सलने पाठवतो.

१२ जानेवारी १९३७

भाजीच्या प्रश्नाचे उत्तर आले. 'निलंबित कारकुनाने भाजीपाला स्वीकारल्याचे त्याच्याच पत्रावरून दिसते. खुलासा येईपर्यंत भत्ता रोखण्यात यावा.' मी खुलासा विचारला होता, त्यांनी माझ्याकडेच खुलासा मागितला.

कुशाबाई या महिन्यात भाडे मागायला आल्या नाहीत. उलट दोन वेळची भाकरी दाराशी ठेवतात आणि मोठ्याने म्हणतात, "ही कुत्र्यासाठी ठिवलीया वं, सरकाराला कळवू नगा." घरात कुत्रे नाही.

२५ जानेवारी

भाजीचा खुलासा चार पाने झाला.

१६ फेब्रुवारी

खुलासा पोचला, भत्ता पुन्हा सुरू झाला. फौजदारी खटला बारामतीला उभा राहिला. समन्स असल्यामुळे मुक्काम सोडता येतो, पण तारखेपुरताच. मोटार बारामतीला पोचते तिथेच मोरगावची मोटार उभी असते. इंदापूरची हिरवी, ती तांबडी. मधे दहा पावलांचे अंतर. मी हिरवीत बसून परत आलो.

हिंदुराव कोर्टाच्या आवारात भेटला. त्याने मला रामराम केला. मी केला नाही.

१९ मार्च

रामहरीचे कार्ड. बाजरी बेताची झाली. तात्यांचा गुडघा दुखतो (तात्या म्हणजे माझे सासरे). दोन शेळ्या व्याल्या. नकोशीला खोकला झाला होता, आता उतार आहे. छबूला मास्तर शाळेत घ्यायला तयार आहेत.

शेळीचे नाव नकोशी ठेवणारा रामहरीच! लहानपणी म्हशीचे नाव त्याने मामलेदारीण ठेवले होते म्हणे. पुष्कळ दिवसांनी हसू आले. उलट टपाली लिहिले: खोकला पुन्हा उलटला तर नकोशीला बाकीच्यांपासून वेगळी बांधावी, आणि गिऱ्हाईक मिळाले तर विकून टाकावी, दुबळे जनावर पोसण्यात अर्थ नाही. छबूला शाळेत जरूर घालावे. भागूबद्दल एक ओळही का नाही? तिचे सविस्तर कळवावे.

३ एप्रिल

कार्डाला उत्तर नाही.

१५ एप्रिल

आज जे झाले ते लिहायला हात वळत नाही, पण लिहितो.

बारामतीला तारीख होती. हिंदुराव हजर नव्हता म्हणून पुढची तारीख पडली. बाहेर आलो तर लिंबाखाली रामहरी बसलेला. खांद्यावर घोंगडी, समोर पाण्याचा तांब्या. मला पाहून उठला. मी विचारले, घरी सगळे बरे ना?

तो म्हणाला, "दाजी, ती शेळी न्हाय."

"कोण?"

"नकोशी. तुमची पोरगी हाय ती."

मी म्हणालो, "तिचे नाव भागू."

"त्ये कारड बारसं झाल्यावं चवथ्या दिशी आलं. बारशाला दिवस मावळंस्तवर थांबलो आमी. मोटार आली की रतन दारात याची. श्येवटची मोटार गेली. नाव सांगाया आत्या लागती, तुमच्याकडनं तर कुनीच न्हाय. बाया बोलायल्या, तिसरी बी पोरगीच, म्हनून बाप फिरकला न्हाय. मंग चुलतीनं पाळण्यात वाकून त्येच नाव सांगितलं."

मी काही बोललो असेन, आठवत नाही. रामहरी जमिनीकडे बघत पुढे सांगत होता. "तुमचं कारड मास्तर वाचत व्हतं. 'विकून टाकावी'पाशी आलं आन थांबलं. रतन म्हनली, वाचा म्होरं."

मी त्याला सगळे सांगितले. मुलगी झाली म्हणून नव्हे. अर्ज केला होता, उत्तर आले नाही, मुक्काम सोडता येत नाही, सोडला तर पगार जातो, नोकरी जाते. कलमही सांगितले. त्याने सगळे ऐकून घेतले. रामहरी भला माणूस आहे. म्हणाला, "मला कळतंय, दाजी. पर रतनला ह्ये मी सांगून कसं हुईल? चला आत्ता माज्यासंगं. पोरीला घ्या, परत या सकाळच्या मोटारीनं."

तांबड्या मोटारीचे इंजिन सुरू होते. मी पायरीवर पाय ठेवला. खरेच ठेवला. तेवढ्यात मागून हाक आली, "सावळाराम, कुठं निघालास?" दत्तोबा कचेरीतून घाईघाईने आला होता. त्याने मला बाजूला घेतले. म्हणाला, "सात महिने झाले कळ काढून, आता शेवटाला पाय घसरू देतोस? कुणी कळवलं तर मीसुद्धा वाचवू शकणार नाही. वर परत चौकशी लागली तर कपाट, पास, सगळं पुन्हा उकरतील."

मी पाय खाली घेतला. मोटार गेली. रामहरी मागच्या बाकावरून बघत होता.

दत्तोबाने मला चहा पाजला. असा मित्र नसता तर आज मी स्वतःच्या हाताने सगळे घालवले असते.

१८ एप्रिल

रतनला पत्र लिहायला बसलो. चार कागद फाडले. ती वाचू शकत नाही, मास्तर मोठ्याने वाचणार, तात्या ऐकणार, शेजारच्या बाया ऐकणार. 'तुझी आठवण येते' असे मास्तरांच्या तोंडून तिला कसे ऐकवू? शेवटी नियम काय आहे तेवढे स्वच्छ अक्षरात लिहिले आणि खाली 'कळावे' लिहिले.

११ मे

उकाडा. दिवसभर कुणाशी बोललो नाही.

१२ मे

आजही नाही. कुशाबाई माहेरी लग्नाला गेल्या आहेत.

१३ मे

संध्याकाळी आवाज फुटतो का म्हणून मोठ्याने नियमांचे कलम म्हणून पाहिले. फुटतो. नंतर 'नकोशी' म्हणून पाहिले. तिथे फुटला नाही.

२० ऑगस्ट

परवानगी आली.

आज सकाळी शिपायाने लखोटा दिला. 'आपल्या ता. २६ नोव्हेंबरच्या अर्जास अनुसरून, ता. ५ व ६ डिसेंबर १९३६ रोजी मोरगाव येथे जाण्यास हरकत नाही.' खाली साहेबांची सही. सहीखाली तारीख: ३० नोव्हेंबर १९३६.

म्हणजे साहेबांनी चार दिवसांत दिली होती. मग इतके महिने ती कुठे होती? बारामतीला दत्तोबाला पत्र टाकले.

२५ ऑगस्ट

दत्तोबाचे उत्तर: कागद दुसऱ्या फायलीत चिकटून गेला होता, खण आवरताना सापडला, तसाच पाठवला, त्याला फार वाईट वाटते. कामाचा बोजा किती असतो ते मला माहीत आहे. शिवाय तो सध्या घर बांधतो आहे, डोके ठिकाणावर नसते. मी त्याला लिहिले की मनावर घेऊ नये.

या परवानगीवर आता जाता येईल का, असेही मी आधीच्या पत्रात विचारले होते. नाही, नवा अर्ज करावा लागेल, आणि निकाल तोंडावर आल्याने तो न करणे बरे, असे त्याचे मत.

कुशाबाईंना कागद वाचून दाखवला. त्यांनी तो माझ्या हातून घेतला, उलटासुलटा पाहिला. त्यांना वाचता येत नाही. विचारले, "आन ह्यो दत्तोबा कोन म्हनला तुमचा?"

"मित्र."

"बरं," एवढेच म्हणून त्यांनी कागद परत दिला.

२३ नोव्हेंबर

हिंदुरावाची साक्ष एकदाची झाली. वकिलाने विचारले, पास कुणी दिला? तो म्हणाला, "कचेरीतनं आला. ह्ये सावळाराम न्हवं. ह्यास्नी मी यक पैसा दिल्याला न्हाय." मग कुणाला दिला, यावर तो कोर्टाच्या मागच्या बाकांकडे बघत राहिला आणि म्हणाला, आठवत नाही. मागे दत्तोबा बसला होता. तो मधेच उठून पाणी प्यायला गेला. त्याची तब्येत हल्ली बरी नसते.

परीक्षेच्या हजेरीचा कागद पुण्याहून आला होता, तो दाखल झाला. पास लिहिला त्या दिवशी मी पुण्यात होतो.

३० नोव्हेंबर

निर्दोष सुटलो. नुसता संशयाचा फायदा देऊन नाही. निकालपत्रात वाक्य आहे: आरोपीविरुद्ध कोणताही पुरावा नाही. ते वाक्य मी उभ्या उभ्या दोनदा वाचले. आवारात अभिनंदन करायला कुणी नव्हते, म्हणून वकिलांच्या कारकुनालाच पेढे दिले.

तांबडी मोटार उभी होती. पण खात्याचा हुकूम निघेपर्यंत मी अजून सस्पेंडच आहे.

१७ जानेवारी १९३८, अंथुर्णे

कामावर घेतले. कोऱ्या सह्यांबद्दल ताकीद, ती मला मान्य आहे. बाकी सगळा पगार परत. हुकुमात लिहिले आहे: 'ता. १४ सप्टेंबर १९३६ पासूनचा काळ सर्व बाबतींत कामावर हजर असल्याप्रमाणे धरण्यात यावा.' चारशे नव्वद दिवस. एकही दिवस कापला नाही. जे धरून बसलो होतो ते जसेच्या तसे मिळाले.

निघताना कुशाबाईंना भाडे आणि वर लुगडे दिले. त्यांनी लुगडे घेतले, डोळे पुसले आणि म्हणाल्या, "आदी पोरीकडं जावा."

मी म्हणालो, पगार हातात पडला की रजेचा अर्ज टाकतो.

५ फेब्रुवारी, मोरगाव

शनिवारची रजा मिळाली, रविवार जोडून. सोमवारी सकाळी दहाला अंथुर्ण्यात हजर व्हायचे.

मोटारीतून उतरून घरापाशी आलो तेव्हा अंगणात एक पोर शेळीच्या मागे धावत होते. पायात वाळा, अंगात छबूचा जुना झगा आखूड करून घातलेला. मी कुंची बारशाला पाठवली होती, ती आता तिला कशी होणार? मी खाली बसलो आणि हात पुढे केले. तिने माझ्याकडे पाहिले, टोपीकडे पाहिले आणि किंचाळून घरात पळाली. माझ्या नाकासारखे नाक आहे.

छबू आणि झुंबर जवळ आल्या, पण पाहुण्याजवळ येतात तशा. तात्यांनी घोंगडी अंथरली. रतनने पाणी आणून ठेवले. ती वाळली आहे. हातांना भेगा पडल्या आहेत, दुसऱ्यांच्या ज्वारीच्या काढणीला जाते असे झुंबरने सांगितले.

जेवणाआधी मी हुकूम काढला आणि सगळ्यांसमोर वाचला. पगाराचे सांगितले. तात्या म्हणाले, "ब्येस झालं." रतन दाराच्या चौकटीला टेकून शेवटपर्यंत ऐकत होती.

"हजर धरलं म्हनायचं सरकारानं," ती म्हणाली.

मी म्हणालो, "सगळे दिवस."

"मी न्हाय धरलं." आणि ती आत गेली.

६ फेब्रुवारी

सकाळी ती गोवऱ्या रचत होती तिथे गेलो. आम्ही दोघेच होतो. म्हणालो, "उद्या पहिल्या मोटारीने निघू. खात्याची खोली परत मिळाली आहे."

"तुमी जावा. मी न्हाय येत."

मी नियम सांगायला लागलो. ती म्हणाली, "ऱ्हावू द्या. त्ये मास्तरानं वाचून दावलंय."

मग गोवरी रचता रचता, माझ्याकडे न बघता बोलली. "बाया बोलल्या त्येचं मला न्हाय वाटलं. बायांचं काय. पर मोरगावची मोटार तुमच्या म्होरं हुबी ऱ्हायली, तुमी पाय ठिवला आन काढला. रामहरीनं सांगितलं. ठिवलाच नसता तर मी म्हनले असते, नियम आसंल."

मला वाटले होते, पाय ठेवला होता हे ऐकून तिला बरे वाटले असेल.

मी सांगितले की हे सगळे तुमच्यासाठी केले. ती म्हणाली, "आमी मागितलं व्हतं का?" मी तिथेच गोवऱ्यांशेजारी बसून रडलो. लग्नाला नऊ वर्षे झाली, तिच्यासमोर असा कधी रडलो नव्हतो. तिने काम थांबवले नाही, पण उठूनही गेली नाही.

७ फेब्रुवारी, सोमवार

पिशवी भरून सकाळी पारावर जाऊन उभा राहिलो. मोटार आली. ड्रायव्हरने विचारले, बसताय का? मी म्हणालो, बसतो. मग म्हणालो, नाही. त्याने दोनदा भोंगा वाजवला आणि गेला. मी परत घरी आलो.

दिवसभर अंगणात बसून होतो. धाकटी लांबून बघत होती. भागू म्हणून हाक मारली, ती खेळतच राहिली. पुन्हा मारली. हे नाव तिचे नाहीच. मग तोंडातून ते दुसरे नाव काढले, हळूच. ती लगेच वळली आणि माझ्याकडे बघून हसली. तिला काय माहीत त्यात काय आहे! मला मात्र कुणी कानाखाली मारल्यासारखे झाले. पण वळली. म्हणून पुन्हा म्हणालो, पुन्हा वळली. दुपारपर्यंत ती चार हातांवर येऊन बसली होती.

८ फेब्रुवारी, मंगळवार

सकाळी नकोशीने माझी टोपी उचलून शेळीपुढे टाकली. शेळीने कड चावली. मी टोपी परत घ्यायला गेलो, तेव्हा तिने माझे बोट धरून मला मागे ओढले. धरले ते सोडायला तयार नव्हती. मी तसाच वाकून उभा राहिलो, पाठ भरून आली तरी.

रतन चुलीपाशी होती. तिने आतूनच विचारले, "आज कचेरी न्हाय व्हय?"

"आहे."

"मंग रजा वाढवली आसंल. कालच्या टपालानं अर्ज धाडला आसंल."

"नाही धाडला."

भाकरी थापण्याचा आवाज थांबला. ती पिठाच्या हातांनी दारात आली आणि मी आल्यापासून पहिल्यांदा माझ्या तोंडाकडे नीट पाहिले. बराच वेळ पाहिले.

मग म्हणाली, "पोरीला घिऊन आत या. भाकरी गार हुतीया."